यहूदाचा चेहरा

शास्त्रपाठ : मत्तय २६:२०-३५, १ करिंथ ११:२७-३२



पवित्र शास्त्रातील काही प्रश्न असे आहेत की, ते वाचून सहज पान उलटता येत नाही. एदेन बागेत देवाने आदामाला हाक मारून तो कोठे आहे असे विचारले. शेतात भावाचे रक्त सांडल्यावर त्याने काइनाला त्याच्या भावाविषयी विचारले. हे प्रश्न देवाने मनुष्याला केलेले आहेत. परंतु वल्हांडणाच्या रात्री, माडीवरील त्या खोलीत, बारा मनुष्यांनी प्रभूला एक प्रश्न केला. आपल्यासोबत जेवणाऱ्यांपैकीच एक जण आपल्याला शत्रूच्या हाती देणार आहे, असे प्रभू येशूने सांगितले, तेव्हा ते अतिशय खिन्न झाले आणि एकामागून एक विचारू लागले की, तो मनुष्य मीच तर नव्हे ना?

आज या प्रश्नावर तुमच्याबरोबर मनन करावे अशी इच्छा आहे. त्यासाठी मी तुम्हांला एका जुन्या उपासनामंदिरात घेऊन जाणार आहे. ते आपल्या महाराष्ट्रात नाही, दूर कोलकात्यात आहे. पण तेथे एक चित्र आहे, आणि त्या चित्रासमोर उभे राहिल्यावर हा प्रश्न टाळता येत नाही.

दगडांचे मंदिर

कोलकात्यातील एस्प्लनेड म्हणजे त्या महानगराचे हृदयच. देशातील पहिली भुयारी रेल्वे १९८४ साली येथूनच भवानीपूरपर्यंत धावली, आणि २०२४ पासून हुगळी नदीच्या तळाखालून येणारी गाडीही येथे थांबते. दिवसभर माणसांचा लोंढा वाहत असतो. या गर्दीतून पश्चिमेकडे वळावे, राज्यपालांच्या निवासस्थानाच्या कुंपणाच्या कडेने चालत राहावे, म्हणजे थोड्याच वेळात झाडांच्या आडून एक उंच दगडी शिखर दिसू लागते. ते सेंट जॉन्स चर्च होय. बंगाली माणसे त्याला पूर्वीपासून ‘पाथुरे गिर्जा’ म्हणजे दगडी गिरजाघर म्हणत आली आहेत.

या मंदिराचा इतिहास मोठा बोधप्रद आहे. इंग्रज व्यापाऱ्यांनी कोलकात्यात १७०९ साली सेंट अ‍ॅन या नावाचे उपासनामंदिर उभारले होते. १७५६ मध्ये नवाब सिराज-उद्दौला याने शहरावर चाल केली, त्यात ते नष्ट झाले. पुढच्याच वर्षी प्लासीची लढाई झाली आणि ईस्ट इंडिया कंपनी बंगालची धनीण झाली. साहेबांचे टोलेजंग वाडे उठले. परंतु कंपनीच्या राजधानीला साजेसे देवाचे घर मात्र पुढे जवळजवळ तीस वर्षे उभे राहिले नाही. किअरनँडर नावाच्या एका स्वीडिश मिशनऱ्याने बव्हंशी स्वतःचा पैसा खर्चून १७७० साली एक प्रार्थनामंदिर बांधले, तेवढाच काय तो आधार. लोक नक्षीदार घरांत राहतात आणि परमेश्वराचे मंदिर ओसाड पडते, अशी खंत हाग्गय संदेष्ट्याने व्यक्त केली होती. तिची आठवण येथे झाल्यावाचून राहत नाही.

अखेर सेंट जॉन्सची उभारणी सुरू झाली. जागा दिली ती एका हिंदू गृहस्थाने, शोभाबाजारचे महाराजा नवकृष्ण देव यांनी. पैसा जमला तो काही वर्गणीतून आणि काही सार्वजनिक सोडतीतून. दगड आले ते गौड येथून. गौड ही मध्ययुगीन बंगालची वैभवशाली राजधानी होती. पुढे ती उजाड झाली. मालद्याजवळच्या तिच्या भग्नावशेषांतून दगड काढून ते कोलकात्यास आणण्यात आले. दुसऱ्यांच्या ढासळलेल्या वैभवाचे दगड अशा रीतीने प्रभूच्या मंदिरात बसले. जेम्स अ‍ॅग या लष्करी अभियंत्याने लंडनच्या सेंट मार्टिन-इन-द-फील्ड्स या मंदिराचा नमुना समोर ठेवून आराखडा केला. ६ एप्रिल १७८४ रोजी पायाचा दगड बसला आणि २४ जून १७८७ रोजी, म्हणजे बाप्तिस्मा करणाऱ्या योहानाच्या सणाच्या दिवशी, मंदिराचे समर्पण झाले. १८१४ साली कोलकात्याचा धर्मप्रांत स्थापन झाला. त्याच्या पहिल्या बिशपांच्या काळापासून ते १८४७ मध्ये सेंट पॉल्स कॅथीड्रल होईपर्यंत हेच कॅथीड्रल होते. १८३७ पर्यंत मुंबई इलाखाही याच धर्मप्रांतात मोडत असे. तेव्हा आपल्याकडील अँग्लिकन मंडळ्यांचेही प्रमुख मंदिर काही काळ हेच होते, हे वाचकांपैकी अनेकांना ठाऊक नसेल.

आवारात जुन्या कबरी आहेत. कंपनीचा अधिकारी जॉब चार्नॉक याची अष्टकोनी समाधी येथेच आहे. त्याला शतकानुशतके कोलकात्याचा संस्थापक म्हणत. २००३ साली कोलकाता उच्च न्यायालयाने या शहराला कोणी एक संस्थापक नाही असा निर्णय दिला. आवाराच्या एका कोपऱ्यात एक संगमरवरी स्तंभही उभा आहे. १७५६ च्या त्या स्वारीत नवाबाच्या माणसांनी १४६ कैद्यांना एका कोंदट कोठडीत डांबले आणि त्यांपैकी १२३ जण गुदमरून मेले, असे हॉलवेल नावाच्या इंग्रज अधिकाऱ्याने लिहून ठेवले होते. ही संख्या फुगवलेली आहे असे इतिहासकारांचे मत आहे. तरीही त्या घटनेचे स्मारक लॉर्ड कर्झनने विसाव्या शतकाच्या आरंभी भर चौकात उभारले. सुभाषचंद्र बोस यांनी १९४० साली त्याविरुद्ध आंदोलन उभे केले, तेव्हा सरकारने ते तेथून हलवून या मंदिराच्या आवारात आणून ठेवले. बंधुभगिनींनो, मेलेल्यांसाठी शोक करणे योग्यच आहे. परंतु शत्रूचा अपराध मोठ्या अक्षरांत दगडावर कोरायचा आणि आपला मात्र वाळूवरही लिहायचा नाही, ही मनुष्याची खोड फार जुनी आहे. या स्तंभाकडे पाहत आपण आता आत जाऊ.

झोफनीचे चित्र

आत उंच खांब आहेत आणि निळसर दगडाची फरशी आहे. येथेच प्रभूच्या शेवटच्या भोजनाचे एक भव्य तैलचित्र आहे. ते जर्मनीत जन्मलेल्या आणि इंग्लंडमध्ये नावारूपाला आलेल्या योहान झोफनी या चित्रकाराने काढले. तो १७८३ मध्ये हिंदुस्थानात आला होता. मंदिराच्या समर्पणाच्या वर्षीच, १७८७ साली, त्याने हे चित्र मंडळीला भेट दिले. ते पूर्वी वेदीवर होते. काळाच्या ओघात त्याची बरीच हानी झाली होती. २०१० मध्ये तज्ज्ञांनी त्याचा जीर्णोद्धार केला.

हे चित्र पाहणाऱ्याला प्रथम त्यातील हिंदुस्थानी वस्तू दिसतात. एका बाजूला आपल्याकडील शिपायाच्या कमरेला असते तशी तलवार अडकवलेली आहे. खाली पिकदाणीच्या घाटाचे भांडे आहे. भिस्त्याच्या पखालीसारखी पाण्याने फुगलेली पिशवी आहे. जणू यरुशलेमेतील ती माडी झोफनीने उचलून कोलकात्याच्या एखाद्या घरात आणून ठेवली.

पण त्या काळी शहरात गाजावाजा झाला तो या वस्तूंमुळे नव्हे, चेहऱ्यांमुळे. झोफनीने प्रभू आणि त्याचे शिष्य रंगवताना कोलकात्यातील जिवंत माणसांचे चेहरे घेतले होते. प्रभू येशूसाठी ग्रीक मंडळीचे धर्मगुरू फादर पार्थेनिओ यांचा चेहरा घेतला, असे सांगतात. प्रभूच्या उराशी टेकणाऱ्या प्रिय शिष्याला, योहानाला, ब्लॅकियर नावाच्या पोलीस मॅजिस्ट्रेटचे रूप मिळाले. आणि यहूदा इस्कर्योताला? तो चेहरा टुलो नावाच्या लिलावदाराचा होता, अशी सर्वत्र ख्याती आहे. लिलाव पुकारणारा मनुष्य प्रभूला विकणारा म्हणून भिंतीवर चढला. त्याला काय वाटले असेल, याच्या अनेक कथा पुढे प्रसृत झाल्या. त्या खऱ्या असोत वा नसोत, त्याला पुढे उपासनेला येऊन त्या वेदीकडे तोंड करून बसणे किती कठीण झाले असेल, याची कल्पना आपण करू शकतो.

आता त्या मंडळीचा विचार करा. दर रविवारी साहेब आणि मॅडम नटूनथटून येत. समोर प्रभूचे भोजन चितारलेले. कोणाचे डोळे कोठे जात असतील? मला वाटते, प्रभूच्या मुखाकडे थोडे आणि यहूदाच्या मुखाकडे अधिक. हा अमुक, तो तमुक, आणि यहूदा कोण ते तर सर्वांनाच ठाऊक! जो प्रश्न प्रत्येकाने स्वतःविषयी विचारावयाचा, त्याचे उत्तर चित्रकाराने आयतेच देऊन टाकले होते. यहूदा सापडला होता, आणि तो आपण नव्हतो. मग प्रभुभोजन घेऊन शांत मनाने घरी जायला हरकत कोणती?

प्रियजनहो, मत्तयाने वर्णिलेल्या भोजनाच्या हे अगदी उलट आहे. तेथे कोणी म्हणाले नाही की, तो शिमोन असेल, तो नेहमी भलतेच बोलतो. कोणी म्हणाले नाही की, तो मत्तय असेल, जकातदाराचा काय भरवसा. योहानाने लिहिलेल्या शुभवर्तमानात असेही आहे की, पेत्राने योहानाला खुणावून तो मनुष्य कोण हे प्रभूला विचारायला सांगितले. म्हणजे त्या एकाच मेजावर दोन प्रश्न होते. एक, तो कोण आहे? दुसरा, तो मीच आहे काय? पहिला प्रश्न आपल्या ओठांवर सहज येतो. दुसरा येण्यासाठी अंतःकरण मोडावे लागते.

आणखी एक गोष्ट ध्यानात घ्या. पेत्राने हा दुसरा प्रश्न विचारला खरा. पण त्यानंतर थोड्याच वेळात, जैतुनांच्या डोंगराकडे जाताना, त्याने इतरांशी आपली तुलना केली. बाकी सगळे जरी अडखळले, तरी आपण अडखळणार नाही, असे तो प्रभूला म्हणाला. जो प्रश्न भोजनाच्या वेळी त्याच्या मुखात होता, तो डोंगर चढेपर्यंतसुद्धा टिकला नाही. आणि कोंबडा आरवण्यापूर्वी काय घडले, हे आपणांस ठाऊक आहे. आत्मपरीक्षण एकदा केले म्हणजे संपत नाही. जो ते थांबवतो आणि इतरांकडे बोट दाखवू लागतो, त्याचा पाय घसरायला फार वेळ लागत नाही.

चुना आणि पाऊस

सेंट जॉन्स ज्या देशाच्या मंदिरांच्या नमुन्यावर बांधले, त्या इंग्लंडमध्ये मध्ययुगातील गावोगावच्या मंदिरांत एक निराळे चित्र असे. मंडळी बसते तो भाग आणि वेदीचा भाग यांच्यामध्ये जी कमान असते, तिच्यावर शेवटच्या न्यायाचा देखावा रंगवलेला असे. सफक परगण्यातील वेनहॅस्टन या गावी असे एक चित्र आजही आहे. त्यात मृत लोक उठून न्यायासाठी येत आहेत. त्यांपैकी काहींच्या डोक्यावर राजाचा मुकुट आहे, कोणाच्या डोक्यावर बिशपाचा मुकुट आहे. पण अंगावर वस्त्र कोणाच्याच नाही. कोणत्याही शेजाऱ्याचा चेहरा तेथे ओळखायचा नव्हता. ज्याने त्याने तेथे स्वतःलाच शोधायचे होते.

धर्मसुधारणेच्या काळात अशा चित्रांवर चुना फासण्यात आला. वेनहॅस्टनच्या फळ्याही चुन्याखाली झाकल्या गेल्या आणि लोक त्यांना विसरले. १८९२ मध्ये दुरुस्तीचे काम निघाले, तेव्हा त्या फळ्या निरुपयोगी समजून आवारात फेकून दिल्या. रात्री पाऊस पडला. सकाळी पाहतात तो चुना धुऊन गेलेला, आणि शेवटचा न्याय उघडा पडलेला!

प्रिय वाचकहो, आपल्या अंतःकरणावरही असा चुना आपण नेमाने देत असतो. प्रभूने परूश्यांना चुना लावलेल्या कबरांची उपमा दिली, ती उगाच नव्हे. पवित्र आत्म्याचा पाऊस पडतो तेव्हा आधी समाधान मिळत नाही. आधी जे झाकले होते ते दिसू लागते. त्या दिसण्याला घाबरून पुन्हा चुन्याची बादली हाती घेऊ नये.

तीस रुपये कोणाच्या थैलीत?

आता कोणी म्हणेल, त्या मंडळीतील खरा यहूदा लिलावदार नव्हताच. खरे यहूदा तर कंपनीचे अधिकारी! या म्हणण्यात तथ्य आहे. १७७० सालच्या भयंकर दुष्काळात बंगालची किमान एक तृतीयांश प्रजा मेली, असे वॉरन हेस्टिंग्जने १७७२ मध्ये स्वतःच लंडनला कळवले होते. आणि त्याच पत्रात असेही होते की, १७७१ ची सारावसुली दुष्काळापूर्वीच्या १७६८ पेक्षाही अधिक झाली. माणसे मेली, पण सारा घटला नाही. अशा राज्याच्या पगारावर आणि व्यापारावर जगणारे लोक त्या बाकांवर बसून यहूदाच्या चित्राकडे पाहत होते. तीस रुपये कोणाच्या थैलीत आहेत, हा प्रश्न त्यांच्या मनात आला असता तर किती बरे झाले असते!

पण येथे थांबू नका. कारण असे म्हणताना आपण काय केले? आपणही एक चेहरा निवडला आणि यहूदाच्या धडावर बसवला. झोफनीने लिलावदार निवडला, आपण साहेब निवडला. आपण मात्र पुन्हा सुटलो.

म्हणून कोलकात्यातच आणखी थोडे पाहू. १७४२ पासून नागपूरकर रघूजी भोसल्यांच्या फौजा बंगालवर स्वाऱ्या करीत होत्या. ‘बारगीर’ या आपल्या शब्दाचे बंगालीत ‘बर्गी’ झाले. गावे जाळली गेली, पिके लुटली गेली, असंख्य निरपराध लोक देशोधडीला लागले. १७५१ मध्ये नवाब अलीवर्दीखानाने चौथाई कबूल केली तेव्हा या स्वाऱ्या थांबल्या. कोलकात्याच्या रहिवाशांनी भीतीने शहराभोवती खंदक खणायला घेतला होता. तो सुमारे तीन मैल झाला. पुढे १७९९ मध्ये तो बुजवून त्यावरून रस्ता काढला. बागबाजार भागात मराठा डिच हे नाव एका गल्लीच्या रूपाने उरले आहे. आणि बंगाली आया शतकानुशतके बाळाला निजवताना जे अंगाईगीत गात आल्या, त्यात बर्गी देशात आल्याची भीती आहे. आपण ज्या स्वाऱ्यांचे वर्णन अभिमानाने वाचतो, त्यांच्या नावाने कोणाची तरी मुले डोळे मिटून घेत होती.

हे मी कोणाला कमी लेखण्यासाठी लिहीत नाही. त्या फौजांत आपले पूर्वज होते की नव्हते, हा प्रश्न येथे नाही. प्रश्न एवढाच की, इतिहासाचे पुस्तक उघडताच आपण यहूदाचा चेहरा नेहमी दुसऱ्या भाषेत, दुसऱ्या धर्मात, दुसऱ्या देशात का शोधतो?

आपल्या मेजावर

आता इतिहास बाजूला ठेवून आपल्याच मंडळीत येऊ. पौलाने करिंथकरांना प्रभुभोजनाविषयी जे लिहिले, त्याचा संदर्भ आपण अनेकदा विसरतो. तेथे सुस्थितीतील लोक आधी येऊन पोटभर जेवत आणि गरीब उपाशी राहत. एकाच प्रभूच्या मेजावर दोन पंक्ती पडल्या होत्या. म्हणून पौल सांगतो की, प्रत्येकाने स्वतःची परीक्षा करावी आणि मगच त्या भाकरीचा व प्याल्याचा स्वीकार करावा. शेजाऱ्याची परीक्षा करावी, असे त्याने लिहिले नाही.

आपल्या मंडळ्यांत पंक्ती पडत नाहीत काय? ख्रिस्ताठायी येऊन पिढ्या लोटल्या, तरी पोरापोरींची लग्ने ठरवताना आपण पूर्वीची जात हळूच विचारतो. पास्टोरेट कमिटीची निवडणूक आली की मंडळीचे दोन तट पडतात, आणि रविवारी शांतीचा हात पुढे करताना कोणाला टाळायचे हे आपल्याला पाठ असते. पूर्वजांनी घाम गाळून राखलेल्या मंदिरांच्या आणि शाळांच्या जमिनींवरून भाऊ भावाविरुद्ध न्यायालयात उभा राहतो. प्रत्येक पक्षाला विचारा. यहूदा कोण हे प्रत्येकाला अगदी नक्की माहीत असते. तो नेहमी दुसऱ्या पक्षात असतो.

बंधूंनो, मी कोणावर दोषारोप करीत नाही. हे लिहीत असताना माझ्याही डोळ्यांपुढे प्रथम दुसऱ्यांचेच चेहरे आले, हे मला कबूल केले पाहिजे. ते बाजूला सारायला मला प्रार्थना करावी लागली. सत्य आणि असत्य यांत फरक करू नये, अन्याय खपवून घ्यावा, असेही मी सांगत नाही. मंडळीची मालमत्ता जो लुबाडतो त्याला जाब विचारलाच पाहिजे. परंतु जो मनुष्य आधी प्रभूसमोर स्वतःविषयी विचारून आला आहे, त्याच्या जाब विचारण्यात आणि इतरांच्या जाब विचारण्यात अंतर असते. त्याच्या वाणीत धार असली तरी विष नसते. भावाच्या डोळ्यांतील कुसळ तो काढतो, पण ते काढताना भावाचा डोळा त्याला हवा असतो.

त्याच ताटात हात

मग आशा कोठे आहे? ती त्याच भोजनात आहे. प्रभूला यहूदा ठाऊक होता; तरी त्याने त्याचे नाव पुकारून त्याला सर्वांपुढे उभे केले नाही. त्याच्याबरोबर एकाच ताटात हात घातला. शेवटचा घास त्याला दिला. अकरा जणांनी विचारताना येशूला ‘प्रभू’ म्हटले, यहूदाने मात्र केवळ ‘गुरू’ म्हटले, हा फरक मत्तयाने टिपून ठेवला आहे. यहूदानेही तोच प्रश्न विचारला होता. पण त्याच्या मनात उत्तर आधीच ठरलेले होते, आणि ते त्याला लपवायचे होते. पेत्रही पडला, यहूदाही पडला. पेत्र बाहेर जाऊन रडला आणि पुढे समुद्रकाठी प्रभूसमोर परत आला. यहूदा रुपये मंदिरात फेकून एकटाच निघून गेला. दोघांच्या पापांत अंतर असेल. पण मुख्य अंतर पाप झाल्यावर ते कोणाकडे गेले, यात आहे.

आणि देव कसा कार्य करतो, हेही त्याच कोलकात्याच्या परिसरात पाहा. एस्प्लनेडपासून हुगळीच्या वरच्या अंगाला सेरामपूर आहे. तेथे विल्यम केरी यांनी मराठीत शास्त्र छापण्याचे काम हाती घेतले. त्यांना त्या कामी मोलाचे साहाय्य करणारे पंडित वैजनाथ हे नागपूरकडचे होते. १८०५ मध्ये मत्तयाचे शुभवर्तमान मराठीत छापून निघाले आणि १८११ मध्ये संपूर्ण नवा करार. म्हणजे ज्या नागपुराहून एके काळी बर्गी बंगालवर चालून गेले, त्याच नागपूरकडचा एक विद्वान सुमारे साठ वर्षांनी बंगालच्या भूमीवर बसून आपल्या भाषेत शुभवर्तमान आणण्यास हातभार लावीत होता. आणि छापील मराठीत जे पहिले शुभवर्तमान आले ते मत्तयाचे! मेजाभोवतीच्या प्रत्येकाने स्वतःविषयी केलेला तो प्रश्न आपल्या मायबोलीच्या हाती असा आला.

पुढे २९ नोव्हेंबर १९७० रोजी, याच नागपुरात, निरनिराळ्या परंपरांच्या मंडळ्यांनी एकत्र येऊन चर्च ऑफ नॉर्थ इंडियाची स्थापना केली. आज सेंट जॉन्स चर्चही त्याच मंडळीचा भाग आहे. कंपनीच्या साहेबांसाठी बांधलेल्या त्या मंदिरात आज भारतीय विश्वासणारे त्याच प्रभूची भाकर मोडतात. गौडचे दगड, हिंदू महाराजाची जमीन, सोडतीचा पैसा, कंपनीचे दरबारी, यांतून प्रभूने आपले घर राखले. आपल्यालाही तो टाकणार नाही. पण त्याच्यापुढे येताना दुसऱ्याचा चेहरा पुढे करून येऊ नये.

म्हणून प्रिय वाचका, तुला एक विनंती करतो. पुढल्या वेळी तुझ्या मंडळीत प्रभुभोजनाचा विधी असेल, तेव्हा आदल्या संध्याकाळी थोडा वेळ एकान्तात बस. मत्तयाचा सव्विसावा अध्याय उघड. ज्या मनुष्याविषयी तुझ्या मनात कडवटपणा आहे, त्याचे नाव प्रथम प्रभूपुढे घे, आणि त्याच्यावर दोष न ठेवता त्याच्यासाठी प्रार्थना कर. मग त्याला बाजूला बसव आणि तो प्रश्न स्वतःविषयी विचार. उत्तर येईपर्यंत थांब. जर उत्तर आले की त्या भावाकडे जाऊन बोलले पाहिजे, तर रविवारची घंटा वाजण्यापूर्वी जा. वेदीपाशी अर्पण ठेवून आधी भावाशी समेट करण्याची प्रभूची आज्ञा अजून रद्द झालेली नाही.

सेंट जॉन्सच्या चित्रात तेरा चेहरे आहेत. ती सारी माणसे मातीस मिळाली. त्यांना ओळखणारेही आता कोणी उरले नाही. यहूदाच्या जागी कोणाचा चेहरा होता, हे आज केवळ पुस्तकांतून कळते. परंतु प्रभूच्या मेजापाशी आजही प्रत्येकासाठी एक आसन मोकळे आहे, आणि तेथे बसणाऱ्याचा चेहरा प्रभू स्वतः पाहणार आहे.

प्रार्थना : हे प्रभू येशू, तुझ्या मेजावर आम्ही दुसऱ्यांचे दोष मोजीत बसलो, याची आम्हांला क्षमा कर. आमच्या मनावर आम्ही दिलेला चुना तुझ्या आत्म्याने धुऊन टाक. आम्ही पडलो तर आम्हांला पेत्राप्रमाणे तुझ्याकडे परत यायला शिकव. आमच्या मंडळ्यांतील दुही दूर कर, आणि ज्या भावाला आम्ही टाळतो त्याच्याच हातून भाकर घेण्याची नम्रता आम्हांला दे. तुझ्याच नावाने मागतो. आमेन.